सुपारीला क्लीन चिट कुणी दिली?

मा. संपादक,
स. न.

रविवारच्या पुरवणीतला कॅन्सरवरचा लेख वाचला. गाठ एकटी वाढत नाही, आजूबाजूच्या तंतू बनवणाऱ्या पेशी, रक्तवाहिन्या, गाठीने फितवलेल्या पांढऱ्या पेशी, सगळे तिला हातभार लावतात, हे छान समजावलंय, त्याबद्दल लेखकमहाशयांचं अभिनंदन. ते १८८९ मधले इंग्रज सर्जन पॅजेटसाहेबही पटले. ७३५ बायकांच्या शवविच्छेदनाच्या नोंदी बघितल्या तर स्तनाचा कॅन्सर लिव्हरमध्ये वारंवार पसरलेला, प्लीहेत क्वचितच, म्हणजे नुसतं बी (कॅन्सरची पेशी) असून भागत नाही, माती (ती पडते तो अवयव) पण तशी लागते. आम्हा बागायतदारांना हे वेगळं सांगायला नको.

आणि मग शेवटी ती चौकट! तंबाखू नसलेली सुपारी खाणाऱ्यांनी घाबरायचं कारण नाही म्हणे. अहो, अख्खा लेख मातीवर लिहिलात आणि ती माती नासवणारी जी वस्तू श्रीवर्धनात दारोदारी वाळत पडलेली असते तिलाच सोडून दिलंत? जागतिक आरोग्य संघटनेच्या कॅन्सर संशोधन संस्थेने २००४ च्या अहवालात नुसत्या सुपारीलाच कॅन्सरकारक म्हटलंय, तंबाखू असो नसो. तुमच्या तज्ज्ञांपर्यंत तो अजून पोचला नसावा.

आमच्या काकांनी आयुष्यात तंबाखूला हात लावला नाही आणि याचा त्यांना अभिमान होता. पण सकाळच्या चहानंतर दाढेखाली सुपारीचं खांड गेलं की रात्री झोपेपर्यंत तोंड रिकामं नाही. आधी कालवण झोंबायला लागलं, काकू बिचारी मिरच्या कमी करत गेली, गावातल्या डॉक्टरने तोंड आलंय म्हणून बी कॉम्प्लेक्स आणि लावायला जेल दिलं, त्यात कित्येक महिने गेले. मग जांभई देता येईना. शेवटी दाताच्या डॉक्टरने तीन बोटं उभी धरून तोंडात घालायला सांगितली तर दोनसुद्धा जाईनात! गाल आतून पांढराफटक, बोट फिरवलं की कडक पट्टे लागायचे. सबम्यूकस फायब्रोसिस म्हणाले, म्हणजे तोंडाच्या अस्तराखाली तंतू साठून तोंड आखडत जातं. गाठ तेव्हा नव्हतीच, हेच तर मी सांगतोय. सुपारीतलं अरेकोलिन त्या तंतूवाल्या पेशींना चिथावतं, तिच्यातलं तांबं ते तंतू आणखी घट्ट करायला मदत करतं, रक्तपुरवठा घटतो, वरचं अस्तर पातळ होतं. पुढे काहींना कॅन्सर होतो, सगळ्यांना नाही, मान्य. काकांना झाला. ऑपरेशन झालं, रेडिएशन झालं, आणि ऐन आंब्याच्या दिवसात आमरस चमच्याने एका बाजूने सोडावा लागायचा.

आता कोणी म्हणेल याच्याच वाडीत पोफळी आहेत आणि हा सुपारीविरुद्ध बोलतोय. आहेत की. रोठ्याला, म्हणजे आमच्या इथल्या सुपारीला, भाव बरा येतो, ते पैसे मी घेतो, आणि पूजेत गणपती म्हणून सुपारी मांडतो तेव्हा ती काही कोणी चावत नाही. पण पीक आमचं आहे म्हणून तुम्ही भीड धरायचं काम नाही. की भीड दुसऱ्याच कोणाची आहे? त्याच पानावर खाली अर्धं पान सुगंधी सुपारीची जाहिरात होती, बाईंचे दात मात्र एकदम पांढरेशुभ्र. योगायोग असेल, आम्ही कुठे काय म्हणतोय.

तर खुलासा त्याच जागी, त्याच टायपात छापा, आतल्या पानावर श्रद्धांजलीच्या बाजूला नको. आणि ती तीन बोटांची टेस्ट पण द्या, आरशासमोर घरच्या घरी होते, बोटं जात नसतील तर जेल चोळत न बसता दाताच्या डॉक्टरकडे जावं, लवकर. सुपारी सोडली तरी आखडलेलं तोंड पूर्ववत होईलच असं नाही, एवढं तरी लोकांना कळू दे.

जाता जाता, भरती-ओहोटीच्या वेळा छापायचं का बंद केलंत? तिथे आता राशिभविष्य दुप्पट झालंय. होडी राशी बघून काढायची का?

आपला,
श्रीवर्धनचा एक वाचक
(नाव छापू नये, व्यापाऱ्याकडे माल जायचाय)