आधी माझे म्हणणे ऐकून घेणाऱ्या मॅडमना

आदरणीय मॅडम,
सप्रेम नमस्कार.

तुमच्या निरोप समारंभात हारतुरे आणि भाषणे यांच्या गडबडीत मला जे बोलायचे होते ते राहून गेले. ते चारचौघांत सांगण्यासारखे आहे, म्हणून हे जाहीर पत्र.

नोव्हेंबर हा बँकेत हयातीच्या दाखल्यांचा महिना. हा दाखला ऑनलाइन देण्याची ‘जीवन प्रमाण’ ही सेवा 2014 मध्ये सुरू झाली, 2021 मध्ये चेहऱ्यावरून ओळख पटवण्याचीही सोय झाली. पण आपल्या शाखेत येणाऱ्या पुष्कळ पेन्शनरांकडे साधा फोन असतो आणि त्यांची सारी भिस्त अंगठ्यावर. त्या दिवशी सार्वजनिक बांधकाम खात्यातून मैलकामगार म्हणून निवृत्त झालेल्या आजोबांचे एकही बोट यंत्र घेत नव्हते. खडी-डांबरात उभी हयात गेलेल्या त्या बोटांवरच्या रेषाच झिजल्या होत्या. बोटे पुसून पुन्हा ठेवा, असे मी म्हटले, तेव्हा त्यांनी भर शाखेत माझा उद्धार सुरू केला आणि रांगेतल्या काहींनी त्यांची री ओढली.

अशा वेळी पूर्वीचे एक साहेब, काय घडले हे न विचारता, ग्राहकादेखत आम्हालाच सुनावत. दुसरे केबिनमधून बाहेरच येत नसत आणि संध्याकाळी ‘मनावर घेऊ नका, नोकरीत हे चालायचंच’ असे सांगून मोकळे होत. त्या दोघांबद्दलचा राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही.

तुम्ही मात्र येऊन माझ्या खुर्चीशेजारी उभ्या राहिलात आणि मला विचारलेत, “काय झालं? आधी तुम्ही सांगा.” ग्राहकासमोर माझे म्हणणे प्रथम विचारणारे तोवर मला कोणी भेटले नव्हते. माझा आवाज कापत होता, वाक्ये अर्धवट राहत होती, तरी तुम्ही मला एकदाही मध्येच तोडले नाहीत. ‘आटपा लवकर’ असा गलका झाला तेव्हा नुसता हात वर करून तो थांबवलात. मग आजोबांना म्हणालात, “बाबा, पेन्शन बंद होईल याची धास्ती घेतलीत ना? कागदी दाखल्यावर सही घेऊन तुमचं काम मी आजच करून देते. पण यांना असं बोललेलं मी चालवून घेणार नाही.” शेवटचे वाक्यही तुम्ही आवाज न चढवता उच्चारलेत, आणि ते गुळमुळीतही केले नाहीत. आजोबा वरमले. बायकोची औषधे त्याच पैशांतून येतात, हे त्यांनी तुम्हाला मग सांगितले.

आपल्याकडे स्पष्ट बोलणारी बाई उद्धट ठरते आणि समजून घेणारी दुबळी. त्यामुळे यांपैकी एकच काहीतरी निवडावे लागते, अशी आम्हा पुष्कळजणींची समजूत होऊन बसते. तुम्ही त्या म्हाताऱ्या माणसाची भीती ओळखलीत आणि त्याच दमात माझा अपमानही थांबवलात; दोघांपैकी कोणालाही खाली पाहायला लावले नाहीत. असा सरळपणा अंगी असलेली माणसे कचेऱ्यांत, घरांत आणि एसटीच्या रांगेतही असतात, पण त्यांचे नाव सहसा कोणी काढत नाही. मला ते काढायचे होते.

आता कोणी आवाज चढवला तर मी कामही करते आणि ‘माझ्याशी नीट बोला’ असेही सांगते. परवा नव्याने रुजू झालेल्या मुलीवर एक गृहस्थ ओरडू लागले, तेव्हा मी उठून तिच्याजवळ गेले आणि आधी तिला विचारले.

मॅडम, मनापासून आभार.

आपली,
काउंटरवरची एक सहकारी