कोयनेल आता का देत नाहीत

बडोदे, १९ सप्टेंबर

प्रिय अरुण,

स. न. वि. वि.

तुझं पत्र परवा मिळालं. निखिलचा ताप उतरला हे वाचून जीव भांड्यात पडला. गडचिरोलीला बदली झाली तेव्हाच वहिनींना म्हणालो होतो, आधी मच्छरदाणी बांधून द्या, लाडू मागाहून पाठवा. इकडेही विश्वामित्रीचं पाणी ओसरल्यापासून डासांनी उच्छाद मांडलाय. संध्याकाळी महापालिकेची धुराची गाडी दांडिया बाजारातून जाते, सगळे पटापट खिडक्या लावून घेतात आणि धूर विरला की डास पुन्हा हजर.

तू विचारलंस, डॉक्टरांनी कोयनेल, म्हणजे सिंकोनाच्या सालीतलं क्विनीन, का दिलं नाही, आणि वर टोमणा मारलास की तुझा जन्म औषधाच्या कारखान्यात गेला, तूच सांग. सांगतो, पण उत्तर लांबेल. चहा घेऊनच बस.

आधी कामाचं. निखिलचा हिवताप व्हायवॅक्स जातीचा निघालाय, तेव्हा क्लोरोक्विनचे तीन दिवस संपले तरी प्रायमाक्विन चौदा दिवस घ्यायचंच. हा परजीवी यकृतात दडून बसतो आणि काही महिन्यांनी पुन्हा डोकं वर काढतो. तिथवर कोयनेलचा हात कधीच पोचला नाही. आपल्या लहानपणी लोकांचा ताप उलटायचा, त्यात याचा वाटा मोठा. आणि प्रायमाक्विनच्या आधी जी-सिक्स-पीडीची (हे तांबड्या पेशीतलं एक विकर, ते कमी असलं तर हे औषध बाधतं) रक्ततपासणी झाली होती का, तेवढं विचारून घे.

आता इतिहास. तू लिहिलेली पेरूच्या व्हाइसरॉयच्या बायकोची गोष्ट गोड आहे. चिंचोनची काउंटेस तापाने फणफणते, रानातली साल तिला वाचवते आणि ती ते औषध युरोपला नेते. वनस्पतींना नावं देणाऱ्या लिनियसनेही तिच्यावर विश्वास ठेवून १७४२ साली झाडाला सिंकोना नाव दिलं. पण त्या व्हाइसरॉयच्या चिटणिसाची रोजनिशी सापडली आहे. तिच्यात साहेबांच्या तापाच्या नोंदी आहेत, बाईसाहेब सालीने बऱ्या झाल्याची मात्र नाही. साल युरोपात नेली ती जेझुइट या कॅथलिक पंथाच्या पाद्र्यांनी, सतराव्या शतकाच्या मध्याला, रोममध्ये. तिथे हिवतापाने पोपसुद्धा दगावायचे.

माझ्या मते इथून पुढचा सगळा इतिहास एकाच प्रश्नाचा आहे: सालीत माल किती टक्के? चाळीस वर्षं क्वालिटी कंट्रोलमध्ये काढलेला माणूस दुसरं काय म्हणणार! पण बघ ना. सिंकोनाच्या कितीतरी जाती. एकीच्या सालीत भरपूर क्विनीन, शेजारच्या झाडात जवळजवळ नाहीच, आणि चवीला दोन्ही कडूजहर. व्यापारी त्यात भलत्याच कडू साली मिसळत. म्हणजे एक रोगी खडखडीत बरा व्हायचा आणि दुसरा तेवढीच पूड घेऊन मरायचा. वैद्य आपसात भांडत बसत. औषध खोटं, नाहीतर पाद्र्यांचं कारस्थान!

त्यातलाच एक इंग्रज भामटा म्हणजे रॉबर्ट टॅलबर. लोकांना जाहीर बजावायचा, त्या जेझुइटांच्या पुडीपासून सांभाळा, आणि स्वतः गुपचूप तीच साल दारूत कालवून द्यायचा. इंग्लंडच्या दुसऱ्या चार्ल्स राजाला त्याने बरं केलं. फ्रान्सच्या चौदाव्या लुईने सोनं मोजून गुपित विकत घेतलं, अट एवढीच की टॅलबर जिवंत असेतो ते फोडायचं नाही. १६८२ साली छापून आलं तेव्हा कळलं, ही तर तीच साल. मला हा माणूस आवडतो, काय करू! माल ओळखायची नजर आणि मात्रेचा अंदाज त्याला नक्की होता.

टक्केवारीचं कोडं सुटलं ते १८२० साली. पॅरिसच्या पेल्तिए आणि काव्हाँतू या दोन औषधशास्त्रज्ञांनी सालीतून शुद्ध क्विनीन वेगळं काढलं. तेव्हापासून पुडीत काय आहे ते तोलून सांगता येऊ लागलं.

आमच्या प्रयोगशाळेत क्विनीन सल्फेटचा नमुना यायचा, तेव्हाचं सांगतो. पांढरी, हलकी, सुईसारखी स्फटिकं. चिमूटभर घेऊन पातळ सल्फ्युरिक ॲसिडात विरघळवायची. द्रावण दिसायला साधं पाणी. मग दिवा बंद करून परीक्षानळी अतिनील दिव्याखाली धरली की ती आतून निळी पेटायची. दुसऱ्या नळीत ब्रोमीनच्या पाण्याचे थेंब, मग अमोनिया, की पाचूसारखा हिरवा रंग. नवीन आलेली पोरं खूश व्हायची आणि लगेच रजिस्टरमध्ये 'पास' लिहायला धावायची. त्यांना थांबवावं लागे. कारण त्याच सालीतलं क्विनिडीनही तसंच निळं पेटतं, तसाच हिरवा रंग देतं. अणू तेच, रेणूची घडण तेवढी वेगळी. पोलॅरिमीटरमध्ये एक प्रकाश डावीकडे वळवतं, दुसरं उजवीकडे. आणि क्विनिडीन हे हृदयाचे ठोके ताळ्यावर आणायचं औषध! अदलाबदल झाली तर बघायलाच नको.

पण मला सगळ्यात जास्त वाईट वाटतं ते मान्युएल मामानीचं. बोलिव्हियातला सालकाढ्या. पोलॅरिमीटर सोड, त्याच्याकडे साधा तराजूही नसेल, पण उत्तम सालीचं झाड तो नुसत्या नजरेने ओळखायचा. चार्ल्स लेजर नावाच्या इंग्रज व्यापाऱ्याचा तो माणूस. निवडलेल्या झाडांचा मोहोर हिवात करपायचा, म्हणून चार वर्षं थांबून त्याने बी गोळा केलं. १८६५ साली ते लंडनला पोचलं, तर ब्रिटिश सरकार म्हणालं, नको. त्यांनी पाच वर्षांपूर्वीच दक्षिण अमेरिकेतल्या मार्कहॅमच्या मोहिमेतून रोपं आणि बिया आणून निलगिरीत मळे उभे केले होते. तांबड्या सालीची झाडं जोमात वाढत होती, फक्त क्विनीन बेताचं. डचांनी मात्र लेजरचं एक पौंड बी चिल्लर पैशांत उचललं. जावात त्या झाडांच्या सालीत दहा टक्क्यांहूनही अधिक क्विनीन निघालं. ही जात नाजूक, तेव्हा डचांनी तिचं कलम तांबड्या सालीच्या दणकट मुळांवर बांधलं. १९३० च्या दशकात जगातलं नव्वद टक्क्यांहून जास्त क्विनीन जावाचं होतं. जातीला नाव मिळालं लेजरियाना. मामानी पुन्हा बी गोळा करताना १८७१ साली पकडला गेला, तुरुंगात मार खाल्ला आणि त्यातच गेला.

ब्रिटिशांचं सगळंच फुकट गेलं असं नाही. १८६६ साली मद्रासला नेमलेल्या समितीने सालीतली बाकीची अल्कलॉइडंही (क्विनीनसारखी कडू द्रव्यं) रुग्णांना देऊन पाहिली, आणि तीही ताप उतरवतात असं दिसलं. मग दार्जिलिंगजवळ मुंगपूला सगळ्यांचं मिश्रण स्वस्तात बनू लागलं. १८९२ पासून बंगालच्या पोस्टात क्विनीनची पुडी एका पैशाला मिळायची. पत्र टाकायला गेलेला माणूस पुडी घेऊन यायचा. या योजनेला मी पैकीच्या पैकी गुण देतो.

हानेमानचं राहिलंच. १७९० साली धडधाकट असताना त्याने ही साल खाऊन पाहिली, आपल्याला तापासारखी लक्षणं आली असं म्हणाला, आणि त्यातून होमिओपॅथी उभी राहिली. तुझ्या साबुदाण्याच्या गोळ्यांचं मूळ हे. यावर आपण १९७८ पासून भांडतोय, तेव्हा पुढे लिहीत नाही.

कोयनेल काम कसं करतं? परजीवी आपल्या तांबड्या पेशीत शिरून हिमोग्लोबिन खातो. खाऊन उरलेलं हीम त्यालाच विषारी, म्हणून तो त्याचे काळपट स्फटिक करून बाजूला टाकतो. कोयनेल बहुधा तिथेच आडवं येतं आणि त्याचाच उकिरडा त्याला बाधतो. गंमत म्हणजे १८८० साली अल्जीरियात लाव्हरान या फ्रेंच डॉक्टरला रक्तात परजीवी दिसला तो या काळ्या कणांमुळे. रॉस या लष्करी डॉक्टरनेही २० ऑगस्ट १८९७ ला सिकंदराबादेत डासाच्या पोटात परजीवी ओळखला तो तेच कण पाहून.

मग ते मागे का पडलं? १९४२ साली जावा जपानच्या हाती गेलं आणि कोयनेलचा दुष्काळ पडला. मेपाक्रीन आणि नंतर क्लोरोक्विन ही कारखान्यात बनणारी औषधं पुढे आली. तरी मेंदूत गेलेल्या हिवतापाला कोयनेलची सलाईन परवापरवापर्यंत चालायची. पण ती सावकाश सोडावी लागे, घाई केली तर हृदयाला धोका. शिवाय रक्तातली साखर उतरते, कानात शिट्ट्या वाजतात. २००५ साली भारतासह चार आशियाई देशांतली मोठी चाचणी प्रसिद्ध झाली. तिच्यात कोयनेलऐवजी आर्टेसुनेटचं इंजेक्शन दिलेल्यांचे मृत्यू सुमारे एक तृतीयांशाने कमी भरले. पुढे आफ्रिकेतल्या मुलांतही कमी झाले. एवढ्या फरकानंतर जुन्या औषधाची माया धरायची नसते.

हे नवं औषध येतं चीनच्या एका रोपातून. त्यातलं मूळ द्रव्य, आर्टेमिसिनिन, चिनी शास्त्रज्ञ तू योयो या बाईंनी शोधलं, २०१५ चं नोबेल त्यांना मिळालं. आमच्या लोकांना तिथेही तीच कटकट: वाणागणिक आणि शेतागणिक पानांतलं आर्टेमिसिनिन कमीजास्त, प्रत्येक गठ्ठा तपासूनच घ्यावा लागतो.

नवरात्रात येतोयस ना? दोघेही या. गरबा आपण कठड्यावर बसून बघू, आणि सकाळी सेवउसळ माझ्याकडून.

वहिनींना नमस्कार, निखिलला आशीर्वाद. कळावे, लोभ असावा.

तुझा,
मधू