भरतीची रेषा सातबाऱ्यावर दिसत नाही

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

आपल्या रविवारच्या अंकात कोकणातल्या प्लॉटच्या जाहिराती असतात. ‘समुद्र हाकेच्या अंतरावर, सातबारा तुमच्या नावावर’. त्यासंबंधी हे पत्र.

माझे दाजी निवृत्त शिक्षक. उदगीरजवळची दोन एकर सोयाबीनची जमीन विकून त्यांनी किनाऱ्यावर अकरा गुंठे घेतले. दलालाने जागा दाखवली ती नेमकी ओहोटीच्या वेळी. दाजींनी सुरूच्या झाडांपासून पाण्यापर्यंत पावले मोजली, ती तीनशेच्या वर भरली. ‘बघा गुरुजी, नियमात बसतंय,’ दलाल म्हणाला. आपण विहिरी-बोअरची माणसं. मांजरेचा पूर आपल्याला कळतो, पण समुद्र रोज दोनदा पुढे येतो नि मागे जातो, हे आपल्या अंगवळणी नाही. कायदा अंतर मोजतो ते समोर दिसणाऱ्या पाण्यापासून नव्हे, तर उधाणाच्या भरतीचे पाणी जिथवर चढते त्या रेषेपासून. त्या रेषेपासून दाजींची जागा साठ-सत्तर मीटरवर निघाली. तोवर जांभ्या चिऱ्यांचे जोते उभे राहिले होते. आता त्यावर नोटीस चिकटवलेली आहे : बांधकाम स्वखर्चाने काढा, नाहीतर आम्ही पाडू आणि खर्च तुमच्याकडून वसूल करू.

सीआरझेड म्हणजे किनारा नियमन क्षेत्र. त्याची पहिली अधिसूचना १९९१ ची, पर्यावरण संरक्षण कायद्याखाली काढलेली. २०११ च्या अधिसूचनेत ग्रामीण किनाऱ्यावर भरतीरेषेपासून २०० मीटर ना-विकास क्षेत्र, म्हणजे नवे बांधकाम करता न येणारा पट्टा, होते. २०१९ मध्ये दाट वस्तीच्या गावांपुरते ते ५० मीटरवर आले, इतरत्र २०० च राहिले. स्थानिक कोळ्यांच्या राहत्या घरांना काही सवलत आहे आणि ती असायलाच हवी. त्यांचे पोट तिथे आहे. उदगीरच्या माणसाला ती मिळणार नाही. पूर्वी या गुन्ह्याला पाच वर्षांपर्यंत कैद होती. एप्रिल २०२४ पासून १० हजार ते १५ लाखांपर्यंत दंड आहे. पण दंड भरला म्हणून बांधकाम वाचत नाही.

‘ग्रामपंचायतीची परवानगी होती,’ असे दाजी अजूनही म्हणतात. केरळात कोचीजवळच्या मरडू इथे पंचायतीने २००६ मध्ये अशाच परवानग्या दिल्या, किनारा प्राधिकरणाला न विचारता. सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने ११ व १२ जानेवारी २०२० ला तिथली चार टोलेजंग निवासी संकुले स्फोटकांनी पाडली. त्यांत लोक संसार थाटून राहत होते. प्रत्येक फ्लॅटधारकाला २५ लाख अंतरिम भरपाई द्यायचा आदेश झाला, तो न्यायालयाने हात घातला म्हणून. दाजींच्या दलालाचा तर फोनच लागत नाही.

किनारा वाचलाच पाहिजे, याबद्दल माझे दुमत नाही. सुरूचे बन आणि वाळूच्या टेकड्या तोडून घरे बांधली, तर उधाण गावात शिरणार. पण ही रेषा सातबाऱ्यावर दिसत नाही, खरेदीखतात येत नाही, आणि मुद्रांक शुल्क मात्र पूर्ण घेतले जाते. जागा सीआरझेडमध्ये आहे की नाही, याचा नकाशा जोडल्याशिवाय किनाऱ्यावरच्या गावांतले खरेदीखत नोंदवूच नये. शासनाने हे केले तर लातूर-नांदेडच्या कितीतरी शेतकऱ्यांची जमीन विकून आलेली रक्कम वाचेल.

आणि आपणाकडे एक विनंती. किनाऱ्यावरच्या प्लॉटची जाहिरात घेताना गट क्रमांक आणि भरतीरेषेपासूनचे अंतर त्यात छापायला लावावे. जाहिरातदार ते देत नसेल, तर ती जाहिरात घेऊ नये.

आपला नियमित वाचक,
उदगीर, जि. लातूर