मोर्चांच्या कॅसेटी कपाटात सडतायत, त्याचं काहीतरी करा

संपादक महोदय,

सा. न. वि. वि.

आनंद पटवर्धनांची 'जय भीम कॉम्रेड' ही डॉक्युमेंटरी परत एकदा पूर्ण बघितली आणि राहवलं नाही म्हणून लिहितोय. 11 जुलै 1997 ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात 10 माणसं गेली, त्यानंतर चारच दिवसांत शाहीर विलास घोगरेंनी आत्महत्या केली. पटवर्धन तिथून पुढं तब्बल 14 वर्षं त्या वस्त्यांमधे कॅमेरा घेऊन जात राहिले. आज चॅनलवाले दोन तास थांबतात आणि दुसरीकडे पळतात, त्यामुळे नंतर कोर्टात काय झालं, घरच्यांचं काय झालं हे कुणी दाखवतच नाही.

मला सगळ्यात जास्त भिडलं ते वेगळंच. घोगरेंचं गाणं पटवर्धनांनी 80 च्या दशकातच झोपडपट्टीवाल्यांवरच्या फिल्मसाठी शूट करून ठेवलं होतं आणि ती रीळं सांभाळली होती म्हणून तो माणूस गेल्यावरही गाताना दिसतो, नाहीतर काय उरलं असतं, एक फोटो आणि हार.

आता आपल्याकडचं बघा. एन्रॉन वीजप्रकल्पाविरुद्धचं आंदोलन, नर्मदेच्या धरणाविरुद्धचं आंदोलन, जिल्ह्याजिल्ह्यातले मोर्चे, हे सगळं लग्नाचे व्हिडिओ काढणाऱ्या पोरांनी आणि कार्यकर्त्यांनी व्हीएचएस आणि मिनी डीव्हीवर शूट केलंय, बरंचसं पदरमोड करून. त्या कॅसेटी आज माळ्यावर नाहीतर पलंगाखाली पडल्यात. मी स्वतः काही उघडून बघितल्या, टेपच्या कडेला पांढरी बुरशी, तशीच लावली तर प्लेअरचं हेड जाम होतं आणि प्लेअर दुरुस्त करणारा आता शोधून सापडत नाही. कव्हरवर तारीख नाही, गाव नाही, नुसतं 'मोर्चा 2' लिहिलेलं. हे सांगू शकणारी माणसंही म्हातारी झालीत, त्यांना आत्ताच विचारायला हवं.

आणि मोबाईल आले म्हणून प्रश्न सुटला असं अजिबात नाहीये. मार्च 2018 मधे शेतकरी नाशिकहून मुंबईपर्यंत चालत गेले, दहावीच्या पोरांना त्रास नको म्हणून शेवटचा टप्पा रात्रीतून चालले, पायाला फोड आलेले असताना. हजारो लोकांनी ते फोनवर शूट केलं असेल, फोन बदलला की गेलं.

पुण्यात 1964 पासून राष्ट्रीय फिल्म संग्रहालय आहे, चांगलंच आहे, पण तालुक्याच्या कार्यकर्त्याच्या पिशवीतली कॅसेट तिथं कशी पोचणार? विद्यापीठांनी किंवा जिल्हा ग्रंथालयांनी निदान डिजिटल कॉपी करून द्यायची सोय करावी. फक्त एक अट हवी, ज्यांचे चेहरे त्यात आहेत त्यांना विचारल्याशिवाय ते कुणालाही, पोलिसांनाही, सहज मिळता कामा नये, कारण गावात अजून त्या लोकांना राहायचंय.

तुमच्या पेपरने जिल्हा आवृत्त्यांमधून एक आवाहन छापावं ही विनंती, कुणाकडे अशा कॅसेटी आहेत आणि कुणाकडे चालू स्थितीतला प्लेअर आहे. पावसाळ्याआधी छापलंत तर बरं होईल.

आपला,
एक जुना व्हिडिओवाला, नाशिक