मंत्रिमहोदय, सीमाभाग तुमचा, मग लाइटमन कुणाचा?

माननीय मंत्रिमहोदय, महाराष्ट्र शासन,
स.न.वि.वि.

ज्येष्ठ कलावंतांच्या मानधनासाठी केलेला माझा अर्ज गेल्या आठवड्यात परत आला. कारणे दोन: मी महाराष्ट्राचा रहिवासी नाही आणि लाइटमन कलावंतांत मोडत नाही. अर्ज घेताना तुमच्याकडच्याच एका अधिकाऱ्याने ‘सीमाभागातले ना? तुमचं आधी बघतो’ असा शब्द दिला होता. बघितलंत, आभारी आहे.

आधी रहिवासाचे. मी येळ्ळूरचा. ‘महाराष्ट्र राज्य’ लिहिलेला फलक २०१४ साली जिथे पाडला आणि गावाने लाठ्या खाल्ल्या, तेच येळ्ळूर. तुमच्या भाषणांत ८६५ गावे महाराष्ट्राची असतात. २०२३ मध्ये त्यांना तुमची आरोग्य योजनाही जाहीर झाली. म्हणजे आजारी पडलो तर मी महाराष्ट्राचा आणि पोटाला मागितले की कर्नाटकाचा! इकडे विचारावे, तर ऐकून घ्यायचे, ‘पिक्चर मराठी-हिंदी केलात, तिकडंच मागा की.’

आता कलावंताचे. साहेब, सत्तरच्या दशकात कोल्हापूरच्या जयप्रभा स्टुडिओत केबली ओढायला लागलो, पुढे मुंबई. तेव्हा आर्क लाइट असत. आत कार्बनच्या कांड्या जळत, झिजतील तशा पुढे सरकवाव्या लागत. शॉट चालू असताना उजेड फडफडला की कॅमेरामनची शिवी ठरलेली. छताखाली टांगलेल्या तराफ्यावर आम्ही, शेजारी रसरसलेले पाच-दहा किलोवॉटचे दिवे. नायिकेच्या नाकाची सावली ओठावर येऊ नये म्हणून कटर, म्हणजे उजेड अडवायची काळी पट्टी, किती बोटे हलवायचा, हे कुणी शिकवले नाही. हाताला कळत गेले. याला तुमच्या यादीत काय म्हणतात? मजुरी?

त्याच तराफ्यावरून पडून कंबर गेली. निर्मात्याने दवाखान्याचे बिल भरले, हातात एक पाकीट दिले आणि बेळगावच्या गाडीत बसवले. त्या पिक्चरच्या पाट्यांत माझे नाव नाही. आज डोळ्यांना धुरकट दिसते. डॉक्टर वयाला दोष देतात, मी आर्कला.

१९८१ साली सिनेकामगारांच्या कल्याण निधीचा कायदा झाला. चित्रपटामागे हजारापासून वीस हजारांपर्यंत उपकर घ्यायची सोय त्याच्याच जोडीला त्याच वर्षी झालेल्या उपकर कायद्यात होती. पुढे उपकरच रद्द झाला आणि कायदा २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत विरघळला. मला त्यातला छदाम दिसला नाही. बायकोची कानातली मात्र गेली.

तुमचे मानधन महिन्याला ५,०००. ८६५ गावांतून माझ्यासारखे दोन-दोन धरा, वर्षाला दहा-साडेदहा कोटी होतात. पुरस्कार सोहळ्यांच्या मांडवांवर याहून जास्त उडत असतील. आणि तिथले दिवे काय कलावंत लावतात?

१९५६ पासून आम्ही लोंबकळतोय. २००४ पासून दावा सर्वोच्च न्यायालयात आहे. निवडणूक आली की इकडचे आणि तिकडचे दोघेही आमच्या नावाने गळा काढतात, मग पाच वर्षे सामसूम. जमीन मिळेल तेव्हा मिळेल. म्हाताऱ्या माणसाला मानधन द्यायलाही न्यायालयाची परवानगी लागते का?

रहिवासाची अट या गावांपुरती काढा आणि पडद्यामागच्या कामगारांना यादीत घ्या. तोच अर्ज, तीच कागदपत्रे पुन्हा पाठवतो आहे. नाकारायचाच असेल तर या खेपेला ‘येळ्ळूर, कर्नाटक राज्य’ असे सही-शिक्क्यानिशी लिहून द्या. पाडलेल्या फलकाच्या जागी लावतो.

आपला,
एक निवृत्त लाइटमन
येळ्ळूर, ता. जि. बेळगाव