जाकीट रिसायकल केलेले, पण त्यातला कोणता भाग?

संपादक महोदय,

पावसात आणि डोंगरात वापरायच्या जाकिटांवर हल्ली ‘वापरलेल्या बाटल्यांपासून तयार’ अशी चिठ्ठी सर्रास दिसते. दावा बहुधा खरा असतो, पण अनेकदा बाहेरच्या कापडापुरताच. आतले मेम्ब्रेन (पाणी अडवून घामाची वाफ बाहेर सोडणारा पातळ पडदा), शिवणीवरची टेप, चेन, इलॅस्टिक यांच्याबद्दल चिठ्ठी गप्प! ‘ग्लोबल रिसायकल्ड स्टँडर्ड’ या प्रमाणपत्राचे बोधचिन्ह वस्तूवर छापायलाही किमान ५० टक्के रिसायकल केलेला माल पुरतो.

बाटलीपासून धागा काढणे आता नवलाचे नाही. पॅटागोनिया या अमेरिकी कंपनीने १९९३ मध्येच तसे फ्लीस (लोकरीसारखे मऊ, उबदार कापड) बाजारात आणले. बाटल्यांचे तुकडे करून कॉस्टिक सोड्याच्या गरम पाण्यात धुतात. टोपणाचे प्लास्टिक तरंगते, बाटलीचे प्लास्टिक म्हणजे पीईटी बुडते, त्यामुळे निवडणे सोपे. घोळ होतो तो वाळवण्यात. तुकड्यांत ओल राहिली, तर वितळवताना पाणी रेणूंच्या साखळ्या तोडते आणि धागा कातताना तुटतो. पीव्हीसी या दुसऱ्या प्लास्टिकचा अंश शिरला, तर माल पिवळा पडतो. जुन्या जाकिटापासून नवे जाकीट करणे मात्र अजून जिकिरीचे आहे, कारण कापड, पॉलियुरेथेनचा पाणी अडवणारा थर आणि टेप एकमेकांना चिकटवलेली असतात. ती सुटी करणे परवडत नाही. धागा काढला नसता, तर बाटलीची पुन्हा बाटली तरी होऊ शकली असती.

तेव्हा असले जाकीट किती वर्षे अंगावर टिकते, यालाच खरे महत्त्व. पुष्कळ जाकिटे ‘गळते’ म्हणून टाकली जातात, आणि ती गळत नसतात. सॅकच्या पट्ट्याखाली, खांद्यावर थेंब ओघळून न जाता कापड गडद होते, पाणी पिते. मेम्ब्रेन बहुधा शाबूत असते. पण बाहेरचे कापड भिजल्याने घामाची वाफ कोंडते आणि आतून ओले लागते. उपाय साधा आहे. चेन लावून ३० अंशांच्या पाण्यात, थोड्या द्रव साबणाने धुवावे आणि दोनदा खळबळावे. फॅब्रिक सॉफ्टनर अजिबात नको. चिठ्ठीवर मनाई नसेल तर वाळल्यावर ड्रायरमध्ये मंद उष्णतेवर २० मिनिटे फिरवावे, नाहीतर वर फडके घालून कोमट इस्त्री. तरीही थेंब गोळा होत नसतील, तरच वरून पाणीरोधक फवारा मारावा.

धुण्याने जाकीट खराब होते, हा समज उलटा आहे. थेंब ओघळून जावेत म्हणून बाहेरच्या कापडावर लेप असतो. त्यातल्या नव्या फ्लोरीनविरहित लेपांना पाणी आवरते, तेल आवरत नाही. मानेचा घाम आणि सनस्क्रीन त्यांना लवकर निकामी करतात. ओलसर घडी घालून ठेवणे त्याहून वाईट, कारण पॉलियुरेथेनचा थर चिकट होऊन सोलला की दुरुस्ती जवळजवळ नाहीच.

उत्पादकांनी कापड, अस्तर, मेम्ब्रेन असे भागवार टक्के छापावेत आणि चेनचा रनर व शिवणीची टेप सुटी विकावी. केवळ रनर झिजला म्हणून अख्खे जाकीट टाकावे लागत असेल, तर त्या चिठ्ठीला काय अर्थ?

– वस्त्रतंत्राच्या क्षेत्रातील एक वाचक