ओटीपी त्याच्या फोनवर जातो, वॉरंट का पोहोचत नाही?

मा. मंत्री, महिला व बालविकास, महाराष्ट्र राज्य यांना,

सविनय नमस्कार.

लाडकी बहीण योजनेसाठी आपल्या खात्याने ई-केवायसी सक्तीची केली. त्यात नवऱ्याचा किंवा वडिलांचा आधार क्रमांक मागितला आणि त्यावर येणारा ओटीपीही. माझे वडील वारले. नवरा धडधाकट आहे, निफाड तालुक्यात आहे, फक्त माझ्यासोबत नाही. सेतू केंद्रात बसून नाइलाजाने त्याला फोन लावला. तो म्हणाला, "आधी पोटगीची केस मागं घे, मग देतो ओटीपी." फोन स्पीकरवर होता आणि शेजारी माझा सातवीतला मुलगा उभा होता. केंद्रातल्या पोराने मान खाली घातली आणि पुढचा नंबर पुकारला.

विधवा आणि घटस्फोटित महिलांसाठी नंतर वाट काढलीत, चांगलं केलंत. पण माझा घटस्फोट झालेला नाही, तो कागद कुठून आणू? योजनेच्या पात्रतेत परित्यक्ता महिलांचा स्पष्ट उल्लेख आहे. मग जिला नवऱ्याने टाकलं तिनेच नवऱ्याच्या हातापाया पडून ओटीपी आणायचा, हे ठरवताना मंत्रालयात एकालाही काही वाटलं नाही? दीड हजारांचे एकवीसशे करू म्हणून 2024 च्या निवडणुकीत आमची मतं मागितलीत. ते वरचे सहाशे राहू द्यात तुमच्याकडेच.

मुळात मला तुमच्या दीड हजारांची गरजच पडायला नको होती. बायकोमुलांना पोसणं ही नवऱ्याची कायदेशीर जबाबदारी आहे. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम 125 होतं, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं 144 आहे. कोर्टाने मला तीन हजार आणि मुलाला दोन हजार महिना मंजूर केले. सातपूरमध्ये एका खोलीचं भाडं भरून उरलेल्या पैशांत दोघांनी कसं जगायचं, ते कोणी सांगत नाही. एवढी कमी रक्कम का, तर त्याने प्रतिज्ञापत्रात मजुरी करतो असं लिहून दिलं. द्राक्षबाग वडिलांच्या सातबाऱ्यावर, पिकअप भावाच्या नावावर. माल घेऊन पिंपळगावला जातो मात्र हाच.

अंतरिम पोटगीचा अर्ज नोटीस बजावल्यापासून शक्यतो 60 दिवसांत निकाली काढावा, असं कायदा 2001 पासून सांगतो. मेख इथेच आहे. दिवस मोजायचे ते नोटीस बजावल्यावर, आणि नोटीस तो घेतच नव्हता. घरचे सांगायचे, "तो इथं राहत नाही." सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये रजनेश विरुद्ध नेहा खटल्यात सांगितलं की पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यावी. त्यामुळे माझी थकबाकी कागदावर फुगली, हातात दमडी आली नाही. वसुलीचा अर्जही रक्कम देय झाल्यापासून वर्षाच्या आत करावा लागतो. म्हणजे पुन्हा अर्ज, पुन्हा वकिलाची फी. पहिली फी मी मंगळसूत्र मोडून दिली होती. अंबडला ठेकेदाराकडे पॅकिंगला आहे मी. तारखेचा खाडा झाला की रोज बुडतो, आणि दोनतीन खाडे झाले की ठेकेदार उद्यापासून येऊ नको म्हणतो.

शेवटी थकलेल्या पोटगीसाठी त्याच्यावर वॉरंट निघालं. परत आलं ते असा शेरा घेऊन: 'सदर इसम दिलेल्या पत्त्यावर मिळून आला नाही.' त्याच आठवड्यात हा इसम फेटा बांधून चुलतभावाच्या वरातीत नाचत होता. फोटो माझ्या मावसबहिणीने स्टेटसला पाहिला. पिकअपचा हप्ता थकला की फायनान्सवाले रात्री त्याच्या दारात उभे असतात. त्यांना पत्ता सापडतो, सरकारी शिक्क्याच्या कागदाला सापडत नाही!

पैसा बुडवणाऱ्या बिल्डरकडून महसुली थकबाकीप्रमाणे वसुली करायची सोय रेराच्या कायद्यात आहे. फ्लॅटवाल्यांना ती मिळाली, चांगलंच झालं. मग लेकराच्या तोंडचा घास बुडवणाऱ्याला ती का लावत नाही? कोर्टाचा आदेश झाला की पोटगी शासनाने आम्हाला द्यावी आणि तहसीलदारामार्फत त्याच्याकडून वसूल करावी. तिजोरीत पैसा नाही, हे निदान नाशिककरांना सांगू नका. 2027 च्या सिंहस्थासाठी आमच्या डोळ्यांसमोर कोट्यवधींची कामं चालली आहेत. आम्ही मात्र कोर्टाच्या जिन्यावर डबे घेऊन बसलेल्या बाया. सरकारं बदलली, कलमांचे आकडे बदलले, त्या जिन्यावरची गर्दी काही हलली नाही. निवडणुकीच्या सभेत आम्ही बहिणी असतो. पोलीस ठाण्यात गेलं की "बाई, तुमच्या घरातलं भांडण आहे, मिटवून घ्या" असं ऐकवतात. कोर्टाचा आदेश हातात असताना कसलं भांडण आणि काय मिटवायचं?

मला दोनच गोष्टी हव्या आहेत. परित्यक्ता महिलांची ई-केवायसी नवऱ्याच्या ओटीपीशिवाय, अंगणवाडी सेविकेच्या किंवा कोर्टाच्या कागदावर करा. आणि गृहखात्याशी बोलून पोटगीची वॉरंटं ठरावीक मुदतीत बजावली जातील, नाही बजावली तर कोणाला तरी जाब द्यावा लागेल, असा आदेश काढा.

माझं दुसरं वॉरंट या महिन्यात निघेल. तो पहाटे बागेत फवारणीला असतो, बाग रस्त्यालगत आहे. बजावायला जाणाऱ्या हवालदाराला वाट दाखवायला मी स्वतः सोबत येईन, त्या दिवशीचा खाडा सोसून.

आपली,
एक अर्जदार, सातपूर, नाशिक